तिसरा सामना, गरज पडल्यास

संक्रांतीचं वाण कसं साठत जातं, ठाऊक आहे ना? कोणी गाळणं देतं, कोणी डबी, कोणी कुंकवाची छोटी कोयरी. घेताना मुठीत मावतं आणि पाच-सहा वर्षांनी कपाट उघडलं की सगळं अंगावर येतं! आमच्या बेसबॉलच्या किश्श्यांचं अगदी तसंच झालंय. परवा भजनाला आलेल्या बायकांना एक सांगायला गेले, तर त्याच्या मागून चार बाहेर पडले. केटल तीनदा उकळून तीनदा गार झाली!

"तुम्ही आणि बेसबॉल?" असं प्रत्येक जण विचारतं. अहो, मी नाही, हे खेळतात. इंग्लंडात स्लाऊला आल्यावर ह्यांच्या ऑफिसात वॉल्ट नावाचे एक अमेरिकन गृहस्थ भेटले. त्यांनी सहा-सात क्रिकेटवेड्या मराठी माणसांना गोड बोलून बेसबॉलच्या नादी लावलं. सहा टीम्सची आमची चिमुकली लीग, रविवारी दुपारी, कौन्सिलच्या मैदानांवर. हे कॅचर. म्हणजे बॅटवाल्याच्या मागं उकिडवं बसून बॉल झेलायचा. अकरा वर्षं हे तसे बसलेत. आता वय चोपन्न, उजवा गुडघा कुरकुरतो, आणि डॉक्टरांनी सीझनच्या आधीच सांगून टाकलं होतं, "यंदाचं वर्ष शेवटचं!"

एवढ्या वर्षांत लीगचा कप एकदाही हाती लागला नव्हता. दुसरे यायचो, फायनलला जायचो, आणि तिथंच गाडी अडायची. मग हे बूट काढता काढता म्हणायचे, "फॉरमॅटच चुकीचा आहे. तो बदलू दे, मग बघ!"

लीगची मीटिंग आमच्याच डायनिंग टेबलावर भरते, कारण टेबल मोठं आणि चहा बरा. त्यामुळं फॉरमॅट कसकसा बदलत गेला ते माझ्याइतकं कोणाला माहीत नसेल. शिवाय स्कोअरची वहीही माझ्याकडंच. वॉल्टनी शिकवली. टीममधले सगळे मला वहिनी म्हणतात, तर वॉल्टना वाटलं तेच माझं नाव. वहीच्या पहिल्या पानावर त्यांनी सुवाच्य अक्षरात लिहून ठेवलंय, "स्कोअरर: मिसेस वहिनी"!

*

पहिल्या वर्षी आमच्याकडं प्लेऑफ नव्हताच. सगळ्यांनी सगळ्यांशी खेळायचं, ज्याचे विजय जास्त त्याचा कप. सरळ हिशेब! पण नदीपलीकडच्या टीमनं जुलैतच एवढी आघाडी घेतली की पुढं खेळण्यात काही अर्थच उरला नाही. त्यांचा कॅप्टन गॅरी. हा छपरं दुरुस्त करायचं काम करतो, उंच, लाल मानेचा आणि मनानं साधा.

ऑगस्टमध्ये आमचे लोक गळायला लागले. कोणी स्पेनला, कोणी सासुरवाडीला. एका रविवारी नऊ माणसं हवीत आणि मैदानात आठ! वॉल्ट माझ्याकडं आले.

"वहिनी, जस्ट स्टँड देअर. त्या कोपऱ्यात बॉल कधीच जात नाही."

मी पंजाबी ड्रेस, वर कार्डिगन, पायात चपला अशी जाऊन उभी राहिले. हातात ते चामड्याचं भलंमोठं ग्लव्ह. आणि कधी न येणारा बॉल पहिल्याच डावात सूं करत माझ्याकडं आला! मी काय केलं? बाजूला झाले. लागला असता ना!

बॉल झुडपात गेला, तीन रन गेल्या. हे लांबून बघत होते. त्या संध्याकाळच्या मीटिंगमध्ये वॉल्ट गंभीरपणे उभे राहिले. "अमेरिकेतही कित्येक वर्षं असंच होतं," ते म्हणाले. "दोन लीग, दोघींतल्या पहिल्या टीम्स थेट वर्ल्ड सिरीजला, म्हणजे तिथल्या फायनलला. बाकीच्यांना सप्टेंबरात आशाच नाही. नंतर त्यांनी प्लेऑफ आणला. आपणही आणू या. म्हणजे सगळे शेवटपर्यंत खेळायला येतील..."

मग माझ्याकडं बघून म्हणाले, "...आणि वहिनींना पुन्हा खेळावं लागणार नाही!"

ठराव एकमतानं पास.

*

दुसऱ्या वर्षी पहिल्या दोन टीम्सची एकच फायनल. आम्ही वर्षभर पहिले होतो. फायनलला एका रननं हरलो. एका!

ह्यांचं आठवडाभर जेवताना तेच. "एका दुपारी काय कळतं गं? एखाद्याचा दिवस वाईट असतो. निदान तीन सामने हवेत. बेस्ट ऑफ थ्री. ज्यानं दोन जिंकले तो खरा."

मीटिंगमध्येही हे तावातावानं बोलले. "अहो, आमच्याकडं मुलगी बघायला गेलं तरी दोन-तीनदा जातात! एका भेटीत ठरवतं का कोणी?"

मी चहा ओतत होते. म्हटलं, "मला तर तुम्ही एकदाच बघितलंत."

 ह्यांनी बिस्किट चहात बुडवलं आणि शांतपणे म्हणाले, "तेव्हा माझा दिवस चांगला होता."

*

तर बेस्ट ऑफ थ्री आलं, आणि त्याबरोबर चार टीम्सची सेमीफायनलही. आणि त्या वर्षी मी संकल्प सोडला. माझं असं आहे की सोमवार, चतुर्थी, एकादशी हे चालूच असतं. त्यात आणखी तीन उपासांचं ओझं ते काय! देवापुढं पाणी सोडून म्हटलं, "सेमीफायनलचे तीन सामने, तीन रविवार, तीन उपास. ह्यांना फायनलला ने."

आणि आमचे लोक पहिले दोन्ही जिंकले! वॉल्टनी मला मिठी मारायचीच बाकी ठेवली. मी विचारलं, "तिसरा सामना किती वाजता?"

"तिसरा नाहीच वहिनी! दोन जिंकले, संपलं."

त्यांनी वेळापत्रक दाखवलं. पहिला सामना. दुसरा सामना. आणि तिसरा सामना, पुढं कंसात बारीक अक्षरात, गरज पडल्यास.

आता माझा जीव टांगणीला. तिसऱ्या उपासाचं काय? सामनाच नाही तर उपास कसा? आणि नाही केला तर संकल्प मोडला! शेवटी वाईच्या आमच्या गुरुजींना फोन लावला. त्यांना बेस्ट ऑफ थ्री समजवायला पंधरा मिनिटं गेली.

"म्हणजे काम दोनातच झालं?" गुरुजी म्हणाले.

"हो."

"आणि तिसरा त्यांनी आधीच कंसात घातला होता?"

"हो गुरुजी. गरज पडल्यास."

पलीकडं पंचांगाची पानं चाळल्याचा आवाज आला. मग म्हणाले, "वहिनी, तिसरा उपास करा. देवाला कंसातलं चालत नाही."

केला. फायनलला मात्र आम्ही दोन-एकनं हरलो. ह्यांनी विचारलं, "फायनलचं काय मागितलं होतंस?" मी म्हटलं, "फायनलला ने, एवढंच मागितलं होतं!"

*

आमचे अंपायर सॉलोमनभाऊ एजवेअरला राहतात. मुंबईचे बेने इस्रायली, म्हणजे आपले मराठी ज्यू. घरी मुलानातवंडांत सगळं इंग्लिशच, त्यामुळं मराठी बोलायला मिळालं की माणूस फुलतो. पण अंपायर कॅचरच्या बरोब्बर मागं उभा असतो. पुढं उकिडवे बसलेले हे, मागं वाकलेले सॉलोमनभाऊ. दोन बॉलच्या मधल्या वेळात त्यांच्या गप्पा चालायच्या!

एकदा गॅरी बॅटिंगला आला. त्याच्या कानावर मागून सतत कुजबुज. त्यानं बॅट खाली टाकली.

"हे चालणार नाही! अंपायर त्याला काहीतरी सांगतोय! त्यांच्या भाषेत!"

दोन्ही टीम्स धावत आल्या. वॉल्टचा चेहरा पडला. गॅरीनं ह्यांना विचारलं, "काय सांगितलं त्यानं तुला? खरं सांग!"

ह्यांना खोटं बोलता येत नाही. म्हणाले, "त्यांनी सांगितलं, जाडं मीठ तव्यावर गरम कर, फडक्यात बांध, आणि गुडघा शेक."

गॅरी दोघांच्या तोंडाकडं बघत राहिला. "मीठ?"

"जाडं," सॉलोमनभाऊ गंभीरपणे म्हणाले.

पुढच्या रविवारी सामना सुरू व्हायच्या आधी गॅरी सॉलोमनभाऊंना बाजूला घेऊन गेला. मला वाटलं, पुन्हा तक्रार. तर तो स्वतःचं कोपर दाखवत होता!

*

सॉलोमनभाऊंची आणि माझी गट्टी उपासावरून जमली. शनिवारी त्यांचा शब्बाथ, म्हणजे देवाचा, विश्रांतीचा वार, म्हणून आमची लीग रविवारची, यात मला फार समाधान वाटतं. सगळ्यांनी देवाधर्माचं बघून खेळावं.

एका वर्षी सेमीफायनल एक-एक झाली, म्हणजे कंसातला तिसरा सामना आला. तो नेमका अशा रविवारी, की त्याच दिवशी सूर्यास्ताला त्यांचा वर्षातला सगळ्यात मोठा उपास सुरू होणार. योम किप्पूर. "आमची आजी त्याला दरफाळणी म्हणायची," ते म्हणाले. "दारं लावून घ्यायची आणि दिवसभर प्रार्थना. पंचवीस तास पाणीसुद्धा नाही, वहिनी."

ठरलं होतं असं की चारला सामना संपेल, भाऊ घरी जाऊन नीट जेवतील आणि मग उपास धरतील. पण सामना बरोबरीत! जादा डाव. त्यावर आणखी जादा डाव. बेसबॉलमध्ये बरोबरी चालत नाही, कोणीतरी जिंकेपर्यंत खेळत राहायचं. सूर्य खाली खाली, आणि भाऊ प्रत्येक बॉलनंतर बॉलकडं कमी, आकाशाकडं जास्त बघताहेत.

शेवटी एकदाचं संपलं. आम्ही जिंकलो, आणि तीन आठवड्यांनी फायनल नेहमीसारखी हरलो, ते जाऊ दे. पण त्या वेळी भाऊंना घरी जाऊन जेवण्याइतका वेळच उरला नव्हता. मी डबा उघडला. माझाही सामन्याचा उपास होता, म्हणून साबुदाण्याची खिचडी आणि राजगिऱ्याचे लाडू होते.

"भाऊ, यातलं चालेल?"

त्यांनी गाडीच्या बॉनेटवर डबा ठेवला आणि भराभरा खाल्लं. वर पाणी प्यायले. हात धुतले, घड्याळ बघितलं, आणि मोठ्यानं हसले.

"वहिनी, तुमचा उपास खाऊन माझा उपास सुरू!"

*

मग वाइल्ड कार्डचं वर्ष. हेही ह्यांच्याच डोक्यातून निघालं. सहा टीम्सचे दोन गट केले. दोन्ही गटांतल्या पहिल्या टीम्स प्लेऑफला, शिवाय उरलेल्यांतल्या बऱ्या दोन टीम्सना आणखी एक संधी. ती वाइल्ड कार्डं. वॉल्ट म्हणाले, अमेरिकेत असंच वाढत गेलं. आधी वाइल्ड कार्ड नव्हतंच. मग दोन्ही लीगमध्ये एकेक आलं. मग दोन-दोन केली आणि त्या दोघांचा एकच सामना ठेवला, हरला तो घरी. त्यावर ओरड झाली, म्हणून आता तिथं तीन सामने, आणि तेही सगळे वरचढ टीमच्याच मैदानावर. आणि सगळ्यात वरच्या दोन टीम्सना पहिल्या फेरीत खेळावंच लागत नाही. त्यांना बाय.

त्या वर्षी आम्ही अव्वल. आम्हाला बाय! ह्यांनी आनंदानं साताऱ्याला सासूबाईंना फोन लावला. सासूबाईंचं वय एक्याऐंशी, ऐकायला जरा कमी. मी शेजारीच भाजी निवडत होते.

"आई, आम्हाला बाय मिळाला!"

"अगोबाई! बाई मिळाली? त्या थंडीच्या मुलखात?"

"हो! पहिल्या फेरीत काहीच करावं लागणार नाही!"

"मग! बाई आल्यावर कशाला करायला लागतंय! सूनबाईचे हात मोडून आले होते नुसते. भांडी पण घासते का?"

"आई, बाई नाही, बाय! आम्ही पहिले आलो ना, म्हणून मिळाला!"

"पहिलं आल्यावरच मिळायची. उशिरा जाणाऱ्याला चांगल्या बाया उरत नाहीत."

मी हसून हसून खुर्चीवरून पडायची वेळ. ह्यांनी नाद सोडला. आणि पुढं काय झालं? दोन आठवडे आमचे लोक बसून सुस्तावले, आणि वाइल्ड कार्डवाल्यांनी, जे गटात तिसरे असून कसेबसे वर आले होते, त्यांनी येऊन आम्हाला धुतलं!

त्या संध्याकाळी सासूबाईंचा फोन आला. ह्यांनी जड आवाजात सांगितलं, "आई, हरलो. बायनंच घात केला."

सासूबाई म्हणाल्या, "एवढ्यात सोडून गेली?"

*

आता यंदाचं. डॉक्टरांनी सांगून टाकलेलं. हे मार्चच्या मीटिंगमध्ये म्हणाले, "फायनल लांब करू या. लांब सिरीजमध्ये नशीब कमी आणि खेळ जास्त." त्यांनी बेस्ट ऑफ सेव्हन सुचवलं.

वॉल्ट म्हणाले, "अमेरिकेत एके काळी वर्ल्ड सिरीज बेस्ट ऑफ नाइनसुद्धा खेळून झालीय!"

माधुरी, म्हणजे आमच्या शेजारची, तिचा नवराही टीममध्ये आहे, ती समोसे ठेवता ठेवता म्हणाली, "नऊ? मग घटच बसवा ना!"

पाचावर तडजोड झाली. बेस्ट ऑफ फाइव्ह. तीन जिंकायचे. पहिले दोन सामने वरच्या टीमच्या मैदानावर, मग दोन समोरच्यांच्या, आणि पाचवा, कंसातला, पुन्हा वरच्या टीमकडं. माधुरीला काही केल्या ते ध्यानात राहीना. शेवटी मी सांगितलं, "हे बघ, दोन माहेरी, दोन सासरी, आणि अगदीच निकड पडली तर पुन्हा माहेरी."

"आत्ता कळलं!" माधुरी म्हणाली. "माहेरी आपलीच चालणार!"

कशाची चालते! फायनल गॅरीच्या टीमशी, आणि माहेरचे दोन्ही सामने आम्ही हरलो. दोन-शून्य. ह्यांचा गुडघा दुसऱ्या सामन्यानंतर नारळाएवढा झाला होता. मी शेकत होते आणि हे छताकडं बघत होते. "आणखी एक हरलो की संपलं," एवढंच म्हणाले. त्या वेळी मात्र फॉरमॅटबद्दल काही बोलले नाहीत. मला तेच लागलं.

तिसऱ्या सामन्याला आम्ही नदीपलीकडं गेलो, तर त्यांच्या कुंपणाला ओळीनं झाडू लावून ठेवलेले! सात-आठ नवेकोरे झाडू. मला इतकं बरं वाटलं! म्हटलं, बघा, ही माणसं सामना झाल्यावर मैदान झाडून जाणार. आणि एक झाडू तर कोणाच्या पायाखाली आलेला. मी धावत जाऊन उचलला. "पाय नका लावू, लक्ष्मी आहे ती!" पर्समध्ये हळद-कुंकवाची डबी असतेच. सगळ्या झाडूंना हळद-कुंकू वाहिलं, हात जोडले.

माधुरी धापा टाकत आली. "वहिनी! काय करताय! ते झाडायला नाही आणलेत! सलग सगळे सामने जिंकले की त्याला स्वीप म्हणतात. आपल्याला झाडून काढणार, असं चिडवायला आणलेत!"

मी म्हटलं, "आणलेत कशाला ते त्यांचं त्यांना ठाऊक. झाडू तो झाडूच ना गं?"

तो सामना आम्ही जिंकलो. मोठ्या फरकानं!

चौथ्या सामन्याच्या दिवशी कुंपणाला झाडू नव्हते. गॅरी माझ्याकडं आला, हातात तीन बॅटी. मान आणखी लाल झालेली.

"मिसेस वहिनी, ते लाल... तुम्ही आमच्या बॅटींनाही लावाल का?"

मागितल्यावर नाही कसं म्हणायचं? लावलं. माधुरी माझ्याशी अर्धा तास बोलली नाही. पण तोही सामना आम्हीच जिंकलो!

*

दोन-दोन. पाचवा सामना, आमच्या मैदानावर. ह्यांच्या आयुष्यातला शेवटचा, हे सगळ्यांना माहीत होतं. वॉल्ट तर सकाळपासूनच नाक पुसत होते.

शेवटच्या डावात बरोबरी. आमची बॅटिंग, दोघं आऊट, आणखी एक आऊट झाला की डाव संपणार. तिन्ही बेसवर, म्हणजे धावायच्या वाटेवरच्या थांब्यांवर, आमची माणसं उभी. आणि बॅटिंगला हे!

माझं टेबल पहिल्या बेसच्या बाजूला, जाळीच्या अलीकडं. जाळीपासून चार पावलांवर बेस. ह्यांनी गुडघ्याला पट्टा बांधलेला तिथूनही दिसत होता.

आता हे एवढं समजून घ्या. समोरच्यानं चार बॉल वाईट टाकले, की बॅटवाल्याला न मारताच पहिला बेस बहाल करतात. चालत जायचं. बेस भरलेले असले की पुढचा प्रत्येक जण एकेक बेस सरकतो आणि तिसऱ्यावरचा माणूस घरी, म्हणजे बॅटिंगच्या जागी, येतो. एक रन!

ह्यांना तीन वाईट बॉल मिळाले. दोन चांगले गेले, आणखी एक चांगला गेला की आऊट. मग शेवटचा बॉल आला. ह्यांनी बॅट उचललीच नाही. बॉल ह्यांच्या घोट्यापाशी खाली गेला.

सॉलोमनभाऊ म्हणाले, "बॉल फोर!"

तिसऱ्यावरचा माणूस, माधुरीचा नवरा, नाचत घरी आला. रन झाली! वॉल्ट टोपी फेकून धावले. सगळी टीम मैदानात शिरली. ह्यांना दहा जणांनी मिठ्या मारल्या. कोणीतरी ह्यांची बॅट उचलून नेली. हे हसत होते, रडत होते, आणि गर्दीबरोबर निघाले कपाच्या टेबलाकडं, मैदानाच्या पार दुसऱ्या टोकाला.

मी वहीत रन लिहायला पेन्सिल टेकवली आणि हात थांबला. कारण वॉल्टनीच मला शिकवलं होतं, बॅटवाल्यानं पहिल्या बेसला पाय लावल्याशिवाय ती रन पुरी होत नाही. बेस रिकामा होता. हे तिकडं गेलेच नव्हते!

सॉलोमनभाऊ जागेवर उभे. मुखवटा चेहऱ्यावर तसाच. सामना संपला असं ते म्हणाले नव्हते. आणि त्यांच्यासमोर गॅरी. हातात बॉल. त्याला नियम माहीत होता. पाय न लावता हे निघून गेले असते, तर आऊट, रन रद्द, आणि खेळ पुन्हा सुरू!

अंपायरनं सांगायचं नसतं. स्कोअररनंही खेळाडूला काही सुचवायचं नसतं, हेही वॉल्टनीच बजावलेलं. वही धरली की कोणाची बाजू नाही. मी आजवर पाळलं होतं.

मी उभी राहिले आणि हाक मारली, "अहो!"

माधुरीच्या नवऱ्यानं वळून बघितलं. पलीकडच्या दोन मराठी माणसांनी वळून बघितलं. ह्यांनी नाही. हे चाललेच होते.

"अहो!"

पुन्हा तेच तिघं.

मग मी जाळीला हात घट्ट धरले, डोळे मिटले आणि नावानं हाक मारली. एकेरी. लग्नाला अठ्ठावीस वर्षं झाली, उखाण्याखेरीज कधी ते नाव तोंडातून गेलं नव्हतं.

डोळे उघडले तर हे गर्दीतून मान वळवून माझ्याकडं बघत होते. चेहरा पांढराफटक. दुसऱ्या क्षणाला सगळ्यांना बाजूला सारून निघाले, लंगडत, जवळजवळ पळतच, सरळ माझ्याकडं.

"शी कोच्ड हिम!" गॅरी ओरडला. "स्कोअररनं सांगितलं त्याला!"

सॉलोमनभाऊंनी मुखवटा डोक्यावर सरकवला. "नाही गॅरी. त्यांनी फक्त नवऱ्याचं नाव घेतलं."

"बस?"

"बस," सॉलोमनभाऊ म्हणाले आणि डोळे पुसायला लागले.

हे जाळीपासून चार पावलांवर येऊन थांबले. धाप लागलेली. "काय झालं? बरी आहेस ना? काय झालं तुला?"

मी खाली बघितलं. ह्यांचा डावा पाय बरोब्बर बेसवर होता.

"काही नाही," मी म्हटलं. "सहज हाक मारली."